गेर्ट फ्रोबे : चेहरा आणि आवाज



जेम्स बाँडचा ‘गोल्डफिंगर’ तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. त्यातला सोन्याला हपापलेला तो जाडजूड खलनायक म्हणजे जर्मन नट गेर्ट फ्रोबे. पण इंग्रजी चित्रपटात ऐकू येतो तो आवाज त्याचा नव्हे. त्याला इंग्रजी जेमतेम येई, म्हणून मायकेल कॉलिन्स या इंग्रज नटाच्या आवाजात संवाद भरले गेले. जर्मन आवृत्तीत मात्र फ्रोबे स्वतः बोलला. म्हणजे १९६४ साली जगभर कीर्ती झाली ती निम्म्याच फ्रोबेची!

त्याचा जन्म १९१३ साली झ्विकाउ शहराजवळचा. ड्रेस्डेनच्या नाट्यगृहात पडदे रंगवता रंगवता तो रंगमंचावर आला. १९४८च्या ‘बर्लिनर बलाडं’ या चित्रपटात तो युद्धावरून परतलेला, हाडं निघालेला सामान्य माणूस झाला. तो आणि पुढचा गलेलठ्ठ गोल्डफिंगर एकच, हे सांगूनही पटत नाही.

माझ्या मते त्याचं खरं काम १९५८च्या ‘एस गेशा आम हेलिश्टन टाग’मधलं. कथा स्विस लेखक ड्युरेनमाटची. फ्रोबे त्यात लहान मुलींचा खुनी आहे. चॉकलेटं देऊन, हातातल्या बाहुलीचे खेळ दाखवून तो मुलीला भुलवतो. घरी हाच माणूस बायकोच्या धाकाखाली दबलेला. कुठे आरडाओरडा नाही, डोळे वटारणं नाही, म्हणून तर अंगावर काटा येतो. हे काम पाहूनच बाँडच्या निर्मात्यांनी त्याला बोलावलं.

एक गोष्ट झाकून चालणार नाही. सोळाव्या वर्षी तो नाझी पक्षात गेला होता. १९३७ साली बाहेर पडला. तो नाझी पक्षात होता हे पुढे कळताच इस्रायलने त्याच्या चित्रपटांवर बंदी घातली. मग एका ज्यू गृहस्थांनी सांगितलं की, फ्रोबेने त्यांना आणि त्यांच्या आईला लपवून वाचवलं होतं. बंदी उठली.

नंतर विनोदी भूमिका आल्या, मुलांच्या गोष्टीतला दरोडेखोर हॉट्झेनप्लोट्झ आला, आयुष्याच्या अखेरीस ‘श्वार्त्सवाल्डक्लिनिक’ या दूरदर्शन मालिकेतलं कामही आलं. जर्मन कवी मॉर्गेनश्टेर्नच्या गमतीदार कवितांचं वाचन तो रंगमंचावर करी, आणि तिथे दुसऱ्याचा आवाज उसना घ्यावा लागत नसे. १९८८ साली म्युनिकमध्ये तो गेला.

‘गोल्डफिंगर’ पुन्हा लागेल तेव्हा जरूर पाहा. पण त्याआधी १९५८चा तो कृष्णधवल चित्रपट मिळवा, आणि मूळ जर्मनमध्येच पाहा.