शाळा भरते, समुद्रही भरतो



मुलांना घड्याळ शिकवणं हे काम वरवर पाहता सोपं वाटतं. पुठ्ठ्याची गोल तबकडी कापायची, तिच्यावर बारा आकडे लिहायचे, मधोमध दोन काटे बसवायचे आणि सांगायचं, लहान काटा तासाचा, मोठा काटा मिनिटांचा. मुलं आठवडाभर गोंधळतात, मग सरावतात. सव्वादोन, अडीच, पावणेतीन बिनचूक सांगू लागली की आपण समजतो, मुलाला वेळ कळायला लागली. मीही कितीतरी वर्षं असंच समजत होते. माझा हा समज एका विद्यार्थ्याच्या आजीने दूर केला. ती गोष्ट आज तुम्हाला सांगायची आहे.

तेव्हा मी खारदांड्याजवळच्या एका प्राथमिक शाळेत चौथीच्या वर्गाला शिकवत होते. खार स्टेशनवरून पश्चिमेला समुद्राकडे निघालं, की उंच इमारतींच्या मागे अचानक दांड्याचा कोळीवाडा लागतो. वाळत घातलेली जाळी, सुक्या मासळीचा वास आणि किनाऱ्याला लागलेल्या होड्या. वर्गातली निम्मीअधिक मुलं तिथली. आमची शाळा दुपारची, साडेबाराला भरायची. मी वेळेच्या बाबतीत फार कडक होते. उशिरा येणाऱ्याच्या नावापुढे हजेरीपटात लाल शाईने खूण करत असे.

एका मुलाच्या नावापुढे लाल खुणा फार झाल्या. मुलगा हुशार होता, गणितात तर पुढेच. पण सलग तीन-चार दिवस एक-दीड वाजता धापा टाकत यायचा, मग आठ-दहा दिवस अगदी वेळेवर, पुन्हा तीन-चार दिवस उशीर. विचारलं तर खाली मान. शेवटी मी घरच्यांना बोलावलं. त्याची आजी आली. डोक्यावरची टोपली तिने व्हरांड्यात ठेवली आणि हजेरीपटातल्या लाल खुणा शांतपणे पाहिल्या. मग म्हणाली, "बाई, तुमची शाळा तुमच्या वेळेला भरते, आमचा समुद्र त्याच्या वेळेला भरतो. या दिवसांच्या तिथी बघा."

घरी गेल्यावर मी भिंतीवरचं कॅलेंडर काढलं आणि हजेरीपट शेजारी ठेवला. लाल खुणा पौर्णिमा, प्रतिपदा, द्वितीया आणि अमावास्या, प्रतिपदा, द्वितीया अशाच पडल्या होत्या. दर पंधरवड्याला तेच. मुलगा बेशिस्त नव्हता. तो एका फार जुन्या वेळापत्रकाप्रमाणे वागत होता आणि ते वेळापत्रक त्याच्या बाईंना वाचता येत नव्हतं.

त्यामागचं कारण असं. अमावास्येला आणि पौर्णिमेला सूर्य, चंद्र आणि पृथ्वी साधारण एका रेषेत येतात. दोघांची ओढ एकत्र लागते आणि समुद्राला उधाण येतं. अष्टमीच्या सुमारास ही ओढ विभागली जाते, तेव्हा भरती बेताची असते. तिला भांगाची भरती म्हणतात. पाण्याच्या ओढीवर चालणाऱ्या डोल जाळ्याला उधाणाचे दिवस हे कामाचे दिवस. मुंबईच्या किनाऱ्यावर अमावास्या-पौर्णिमेला भरती येते ती बाराच्या आसपास, दुपारी आणि मध्यरात्री. होडी किनाऱ्याला लागायची ती भरतीच्या पाण्यावर. म्हणजे नेमकी आमची शाळा भरायच्या वेळेला! त्या दिवशी घरातल्या प्रत्येक हाताला काम असे. मासळी उतरवून झाली की मुलगा शाळेकडे पळत सुटायचा.

दुसऱ्या दिवशी मीच आजीला गाठलं. म्हटलं, "भरतीची वेळ तुम्ही ओळखता कशी?" ती म्हणाली, "तिथीची पाऊणपट करायची." इतकंच! चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, तीन वाजता भरती. अष्टमी असेल तर सहा वाजता. एकादशीला सव्वाआठ. ओहोटी त्यानंतर साधारण सहा तासांनी.

श्रोतेहो, लहानपणी माझ्याकडून पावकी, निमकी, पाऊणकी घोकून घेतली होती. पाऊण, दीड, सव्वादोन, तीन... पण ही पाऊणकी कशासाठी, हे कुणी सांगितलं नव्हतं आणि मीही विचारलं नव्हतं. दांड्याच्या किनाऱ्यावर मला तिचा एक उपयोग कळला.

मी हा हिशेब वर्गात मांडला. मुलं तिथी पाहायची, पाऊणपट करायची आणि किनाऱ्यावरच्या मुलांना विचारायची, खरंच तेव्हा भरती आली का? चौथीच्या मुलांना फसवता येत नाही. एकीने विचारलं, "बाई, पौर्णिमा म्हणजे पंधरा. पंधराची पाऊणपट सव्वाअकरा. पण भरती तर बाराला येते ना?" बरोबर होतं. पंधरा तिथींत पाऊण तास कमी पडत होता, म्हणजे एका तिथीमागे तीन मिनिटं. पंचेचाळीसऐवजी अठ्ठेचाळीस मिनिटं धरली, की पंधरा तिथींत बरोबर बारा तास होतात.

आणि ही अठ्ठेचाळीस मिनिटं म्हणजे काय? आपल्या जुन्या मोजणीत दिवसाच्या साठ घटका. एक घटका चोवीस मिनिटांची. दोन घटकांचं एक मुहूर्त, म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटं. भरती दर तिथीला दोन घटका पुढे सरकते! घड्याळाच्या भाषेत अवघड वाटणारा हिशेब घटकांच्या भाषेत किती सुटसुटीत होतो, पाहा.

मग घटका म्हणजे काय, ते मुलांना दाखवायलाच हवं होतं. पूर्वी एका वाटीला बारीक भोक पाडून ती पाण्याच्या घंगाळात सोडत. वाटी भरून बुडाली की एक घटका. घड्याळ हा शब्दसुद्धा त्या घटीवरूनच आला. आम्ही पत्र्याची वाटी घेतली, खिळ्याने भोक पाडलं आणि बादलीत सोडली. ती बघता बघता बुडाली. भोक मोठं झालं होतं. मग ते मेणाने बुजवलं आणि सुईने टोचलं. आता वाटी बुडेचना. चार-पाच दिवस खटपट करून आम्ही चोवीस मिनिटांच्या जवळ पोहोचलो. त्या दिवशी मुलांना मी लीलावतीची आख्यायिका सांगितली. भास्कराचार्यांच्या मुलीच्या लग्नाची घटका मोजायला वाटी सोडली होती. वाकून पाहताना तिच्या अंगावरचा मोती वाटीत पडला, भोक बुजलं आणि मुहूर्त टळून गेला. ही कथा 'लीलावती'च्या १५८७ मधल्या फारसी भाषांतरामुळे आपल्यापर्यंत आली. खरी-खोटी कशीही असो, वर्गाला ती लगेच पटली. भोक बुजलं की वेळ थांबते, हे त्यांनी स्वतःच्या हाताने पाहिलं होतं.

पुढचा धडा सूर्याचा. दुपारी बाराला सूर्य डोक्यावर येतो, असं आपण सहज म्हणून जातो. मी मुलांना वाळूत एक काठी सरळ रोवायला सांगितली आणि दर पाच मिनिटांनी सावलीच्या टोकाशी शिंपला ठेवायला लावला. बारा वाजले, सावली अजून लहानच होत होती. सव्वाबारा झाले, साडेबारा झाले. सगळ्यात लहान सावली पडली ती साडेबारा उलटून गेल्यावर. मुलं म्हणाली, "बाई, घड्याळ चुकलं की सूर्य?"

दोघंही चुकले नव्हते. आपलं घड्याळ साडेब्याऐंशी अंश रेखांशावर लावलेलं आहे. ती रेषा उत्तर प्रदेशातल्या मिर्झापूरजवळून जाते. मुंबई तिच्या पश्चिमेला जवळजवळ पावणेदहा अंश. पृथ्वीला एक अंश फिरायला चार मिनिटं लागतात. म्हणजे मिर्झापूरला माध्यान्ह झाल्यावर ती दांड्याला पोहोचायला सुमारे एकोणचाळीस मिनिटं लागतात. वर्षभरात यात काही मिनिटांचा फरक पडतो. नोव्हेंबरच्या सुरुवातीला माध्यान्ह लवकर होते, फेब्रुवारीत उशिरा. आणि मेच्या मध्याला व जुलैच्या शेवटच्या आठवड्यात एकेक दिवस असा येतो, की मुंबईत काठीची सावली पूर्ण नाहीशी होते. ढग नसले तर!

एकेकाळी मुंबईची घड्याळं मुंबईच्याच सूर्याप्रमाणे चालत. १८८१ मध्ये सरकारने इथे मद्रासची वेळ लागू करून पाहिली, पण लोकांनी ती स्वीकारली नाही आणि दोन वर्षांत ती मागे घ्यावी लागली. पुढे १ जानेवारी १९०६ पासून प्रमाणवेळ आली. घड्याळं एकोणचाळीस मिनिटं पुढे करायची होती. सकाळी तेवढं लवकर कामावर जायला कोण राजी होणार? त्यावरून शहरात मोठा वाद झाला. स्वातंत्र्यानंतरही काही काळ मुंबईत दोन्ही वेळा नांदत होत्या, एक प्रमाणवेळ आणि एक मुंबई वेळ. हे ऐकून मुलं चकित झाली. घड्याळात वाजलेले बारा हा माणसांनी आपसात केलेला ठराव आहे, हे त्यांना तेव्हा कळलं. आगगाड्या धावायच्या तर असा ठराव हवाच. पण तो ठराव आहे, हे माहीत असायला हवं.

कॅलेंडरचंही तसंच. आमच्या वर्गात हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती अशी सगळी मुलं होती. मी विचारलं, कुणाचा सण कधी येतो? मोतमाउलीचा सण ८ सप्टेंबरला, तारीख ठरलेली. रमजान मात्र दरवर्षी दहा-अकरा दिवस आधी येतो. नारळी पौर्णिमा मागेपुढे होते, पण श्रावण सोडून जात नाही. असं का? चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांत संपतात, सूर्याच्या वर्षाला अकरा दिवस कमी. मुसलमानी वर्ष हा फरक तसाच राहू देतं, म्हणून त्यांचे सण सगळ्या ऋतूंतून फिरतात. आपलं पंचांग दर दोन-तीन वर्षांनी अधिक महिना घालून फरक भरून काढतं. इंग्रजी वर्ष फक्त सूर्य पाहतं, चंद्राकडे लक्षच देत नाही. यात चूक कुणाचीच नाही, ज्याने त्याने जे धरून ठेवायचं ते ठरवलं. स्वतंत्र भारतात तीसएक पंचांगं चालत होती. ती एका सूत्रात आणण्यासाठी मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली आणि २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र १८७९ ला, राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली.

दांड्याच्या मुलांना हा प्रश्न पुस्तकातला वाटत नाही. परंपरेने दर्यात होडी जाते ती नारळी पौर्णिमेनंतर. ती पौर्णिमा २०२३ मध्ये अधिक श्रावणामुळे ३० ऑगस्टला आली आणि २०२५ मध्ये ८-९ ऑगस्टला. आता कायद्याने पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस मासेमारी बंद असते. एका घरात आजोबा पौर्णिमा मोजतात आणि नातू तारीख मोजतो. मासळीच्या विणीला आणि कायद्याच्या अंमलाला ठरलेली तारीख सोयीची, हे मी मुलांना सांगते. आणि पौर्णिमेमागे पावसाळी दर्याचा पिढ्यान्‌पिढ्यांचा अनुभव आहे, हेही सांगते.

मात्र एक इशारा द्यायला हवा. जुनं ते सगळं अचूक, असं मी मुलांना कधीच शिकवलं नाही. २६ जुलै २००५ चा दिवस आठवा. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला आणि त्यातच दुपारी मोठी भरती आली. पाणी समुद्रात जायचं ते शहरातच तुंबून राहिलं. गुरुपौर्णिमा २१ जुलैला झाली होती. पाचव्या तिथीच्या पाऊणपटीने भरती येते पावणेचारला, प्रत्यक्षात ती तीनच्या आधीच येऊन गेली. आजीचा हिशेब तासाभराने चुकला असता. म्हणून नेमक्या वेळेसाठी छापील तक्ताच पाहायचा. पण आज भरती दुपारी आहे, एवढं जरी त्या दिवशी आपल्यापैकी अनेकांना ठाऊक असतं, तरी घराबाहेर पडताना आपण थोडा वेगळा विचार केला असता. समुद्राच्या कुशीत राहणाऱ्या शहराला भरतीची वेळ ठाऊक नसावी, हे काही बरं नाही.

पालकांना माझं एवढंच सांगणं आहे. मुलांना काटे जरूर शिकवा. पण सुटीच्या दिवशी गच्चीवर एक काठी उभी करा. एका वाटीला भोक पाडून बघा. कॅलेंडरवरची तिथी पाहून चौपाटीवर जा आणि पाणी कुठवर आलंय ते मुलालाच सांगू द्या. घरात आजी-आजोबा असतील तर त्यांना विचारा, ते वेळ कशी मोजत होते.

आणि शिक्षक ऐकत असतील, तर त्यांना एक विनंती. एखादं मूल वारंवार उशिरा येत असेल, तर लाल खूण करण्याआधी ते कुठल्या घड्याळावर चालतं, ते विचारा. मी ते विचारायला पाच महिने लावले. त्या मुलाच्या खुणा मला पुसता आल्या नाहीत, हजेरीपट मुख्याध्यापकांकडे जमा झाला होता. पण पुढच्या वर्षीपासून आमच्या वर्गात फळ्याच्या कोपऱ्यात रोज तारखेखाली तिथी लिहिली जाऊ लागली आणि तिच्याखाली भरतीची वेळ. ती लिहायचं काम दांड्याच्या मुलांकडे होतं.