भाग २३ : दादाचा अंगठा आणि यारनमची शिकार

हेडफोन लावलेत ना? आज गप्पा ब्लडबोर्नवर. पण थांबा, प्लेस्टेशनवाल्या नाही. टेबलावर पसरून, पत्ते पिसून खेळायच्या ब्लडबोर्नवर. आणि त्यासाठी मला माझ्या मामेभावाबद्दल सांगावं लागणार आहे. त्याला विचारूनच सांगतेय. तो म्हणाला, "सांग, फक्त मला बिचारा करू नकोस." तर मंडळी, तो बिचारा नाहीये. हे आधीच क्लिअर करते.

ज्यांना ब्लडबोर्न माहीत नाही त्यांच्यासाठी दोन मिनिटं. हा २०१५ मध्ये पीएस फोरवर आलेला गेम. बनवला फ्रॉमसॉफ्टवेअर या जपानी कंपनीनं, दिग्दर्शक हिदेताका मियाझाकी. यारनम नावाचं जुनाट, अंधारं शहर. तिथे रक्तानं आजार बरे करतात, आणि त्याच रक्तापायी माणसांचे पशू होतात. तुम्ही शिकारी. रात्रभर पशू मारायचे. मारले की ब्लड एकोज मिळतात, तेच तुमचे पैसे आणि तीच तुमची ताकद. मेलात की जवळचे सगळे एकोज तिथेच सांडतात. आणि मरता तुम्ही भरपूर. शिवाय हा गेम पॉज होत नाही. मेनू उघडलात तरी मागून येणारा माणूस कुऱ्हाड घेऊन येतच राहतो.

मामाचं घर कऱ्हाडला. दिवाळीच्या सुट्टीत मी तिथे असायची आणि दादाकडे पीएस फोर होता. मी पहिल्याच रस्त्यावर मरायची. दादा मात्र फादर गॅस्कॉइनला असा खेळवायचा की बघत बसावं. गॅस्कॉइन म्हणजे सुरुवातीचा बॉस, स्वतः शिकारी असलेला आणि लढता लढता पशू होणारा. तो वार करायला हात उचलणार, तेवढ्यात दादाची बंदूक वाजणार, तो गुडघ्यावर येणार, खेळ खल्लास. हे टायमिंग डोळ्याची पापणी लवते तेवढ्यात साधावं लागतं. वर दादा मला शिव्या घालायचा. "अगं घाबरून मागं काय पळतीयेस? बाजूला सटक, बाजूला!" मी रडकुंडीला यायची. पण आमच्या सुट्टीचा बेस्ट भाग तोच.

मग एका पावसाळ्यात दादाची बाईक घसरली. उजव्या मनगटाचं ऑपरेशन झालं. हात बरा झाला. तो जेवतो, लिहितो, फोन वापरतो. फक्त अंगठा पूर्वीसारखा झटकन हलत नाही. आणि ब्लडबोर्नमध्ये उजवा अंगठा म्हणजे सगळंच. चुकवायचं बटण त्याच्याखाली, कॅमेरा फिरवायची स्टिकही त्याच्याखाली.

मी पुढच्या वेळी गेले तर कंट्रोलर कपाटात. विचारलं तर म्हणाला, "मोठे झालो आता." आणि मी मान डोलावली. खरं वाटलं मला! नोकरी, कामं, असंच असेल म्हटलं. नंतर स्वयंपाकघरात मामी हळूच बोलली, "रात्री सगळे झोपले की लावतो गं. अर्धा तास खटपट करतो आणि बंद करतो." मला इतकं लाजल्यासारखं झालं ना. एवढे दिवस मी त्याला फोनवर नव्या नव्या गेमचे ट्रेलर पाठवत होते.

तर मी काय केलं? ब्लडबोर्नचा कार्ड गेम घेऊन गेले. हा २०१६ चा, डिझाइनर एरिक लँग, ३ ते ५ जण खेळतात. म्हणून दादा, त्याची धाकटी बहीण आणि मी, असे बसलो. खेळ सोपा आहे. एक राक्षस समोर येतो. प्रत्येकानं हातातला एक पत्ता उपडा ठेवायचा, मग सगळ्यांनी एकदम उघडायचा. राक्षसाचा फासा पडतो, त्याचा मार सगळ्यांना बसतो. मग आपापल्या पाळीनं आपण त्याला मारायचं. जेवढा घाव घालाल तेवढे ब्लड एकोज तुमचे. पण हे एकोज पक्के करायचे तर हंटर्स ड्रीमचा पत्ता टाकायचा, म्हणजे लढाई सोडून घरी जायचं. लोभ धरून थांबलात आणि मेलात, तर जवळचं सगळं गेलं. राक्षस सगळ्यांचा शत्रू, पण जिंकणार एकटाच. दोस्तीत कुस्ती म्हणतात ना, ती हीच.

आता माझी चूक ऐका. मला वाटलं दादाला जिंकू द्यावं. म्हणून मरायला टेकलेला राक्षस मी त्याच्यासाठी सोडायची. हातात मोठा वार असताना हलका पत्ता टाकायची. मी स्वतःला फार हुशार समजत होते. पण या खेळात सुरुवातीचे पत्ते सगळ्यांचे सारखेच असतात, आणि टाकलेले पत्ते समोर उघडे पडलेले असतात. म्हणजे लक्ष देणाऱ्याला कळतं की कोणाच्या हातात काय उरलंय.

तिसऱ्या राक्षसाला दादानं पत्ते खाली ठेवले. "तुझ्या हातात मोठा वार आहे. मगाशीही होता. टाकला का नाहीस?"

मी म्हटलं, "विसरले."

"विसरली नाहीस. माझा अंगठा गेलाय, डोकं नाही. असं खेळायचं असेल तर मी झोपतो."

बहीण गप्प, मी गप्प. मग त्यानंच पत्ते गोळा केले, पिसायला बहिणीकडे दिले आणि म्हणाला, "पहिल्यापासून. नीट खेळायचं." दुसऱ्या डावात मी नीट खेळले. तरी हरलेच. त्यानं मला सरळ बुडवलं. मी जास्तीच्या एकोजच्या लोभानं थांबले, तो बरोबर वेळेला घरी निघून गेला, आणि फाशानं माझा निकाल लावला. तो हसला. मला फार बरं वाटलं, पण या वेळी मी तोंडावर दाखवलं नाही.

नंतर मी सेकंडहँड मिळवला तो मोठा बोर्ड गेम. हा २०१९ मध्ये किकस्टार्टरवर आला, सुमारे ४० लाख डॉलर जमले, आणि लोकांच्या हातात पडला २०२१ मध्ये. एरिक लँग आणि मायकेल शिनॉल असे दोघं डिझाइनर. १ ते ४ जण, आणि इथे सगळे एका बाजूला. जिंकलो तर सगळे, हरलो तर सगळे. शहराच्या फरशा एकेक करून उलगडत जातात, त्यामुळे पुढच्या गल्लीत काय आहे ते पाऊल टाकल्यावरच कळतं.

मला भीती होती की हा फाशांचा धुडगूस असेल. पण यात हल्ल्याला फासाच नाही! प्रत्येक शिकाऱ्याकडे १२ पत्त्यांची गड्डी, त्यातले ३ हातात. चालायचं तर पत्ता खर्च, काही उचलायचं तर पत्ता खर्च, मारायचं तरी पत्ता खर्च. हत्याराच्या पाटीवर मोजकी घरं असतात. काही वेगवान, काही मध्यम, काही संथ. संथ घराचा घाव जबर बसतो, वेगवान घराचा हलका. वार करायचा म्हणजे एका घरात पत्ता ठेवायचा. मग शत्रूचा पत्ता उघडतो. ज्याचा वेग जास्त त्याचा वार आधी.

आणि आता खरी गंमत. शत्रूचा वार चुकवायलाही तेच घर लागतं! वेगवान वार चुकवायला वेगवान घर मोकळं हवं. ते मारण्यात वापरून टाकलंत तर मार खा. घरं भरली की पत्ता खर्चून हत्याराचं रूप बदलायचं, मग घरं रिकामी होतात. व्हिडिओ गेममध्येही हत्यारं अशीच दोन रूपांची, सॉ क्लीव्हर उघडला की लांब, मिटला की आखूड.

नियम वाचून झाल्यावर दादा बराच वेळ पाटीकडे बघत होता. मग म्हणाला, "अगं, हे तेच आहे." म्हणजे काय विचारलं. तर म्हणाला, "लोकांना वाटायचं मी बोटांनी खेळतो. मी थांबायचो. समोरच्याचं सगळं उघड होईपर्यंत एक गोष्ट हातात राखून ठेवायचो. बोटं नंतर."

मंडळी, मी वर्षानुवर्षं त्याच्या शेजारी बसून बघत होते आणि मला ते कधी दिसलंच नव्हतं. टीव्हीवर ते एका क्षणात होऊन जायचं. टेबलावर तोच क्षण पाच मिनिटांचा झाला, आणि आत काय चाललंय ते मला पहिल्यांदा कळलं.

आम्ही दोघंच खेळत होतो. त्याच्याकडे सॉ क्लीव्हर, माझ्याकडे हंटर ॲक्स. गॅस्कॉइन समोर आला. मी धडाधड पत्ते लावत सुटले, दादा मात्र वेगवान घर रिकामं ठेवून बसलेला. "मार ना दादा, वेळ जातोय!" "थांब गं." गॅस्कॉइनचा पशू झाला, वेगवान वार आला, आणि दादानं शांतपणे त्या घरात पत्ता सरकवला. चुकवला! डाव्या हातानं सरकवला, घाई न करता. इथे घाईची गरजच नव्हती.

शेवटी काय झालं? हरलो. आणि माझ्यामुळे हरलो. या खेळात शिकारीची एक पट्टी असते, प्रत्येक फेरीला ती एक घर पुढे जाते, आणि संपली की तुम्ही हरलात. हंटर्स ड्रीममध्ये जाऊन जखमा भरता येतात, पण प्रत्येक फेरा पट्टीला आणखी पुढे ढकलतो. मी घाबरून एकदा जास्तीची गेले. गॅस्कॉइनचं अगदी थोडं रक्त उरलं असताना पट्टी संपली.

मग दादानं मला वीस मिनिटं झापलं. "कशाला गेलीस? एक घाव बसला तर बसला! घाबरून मागं पळायची सवय तुझी जात नाही!" मामी आतून ओरडली, "अरे, किती बोलतोस पोरीला!" आणि मी मान खाली घालून हसत होते. कारण मंडळी, ही शिवी मी कितीतरी दिवसांनी ऐकत होते.

आता प्रामाणिकपणे. टेबलावर सगळं येत नाही. तो आवाज, ती दूरवरची किंकाळी, कोपऱ्यावर वळताना पोटात येणारा गोळा, हे पुठ्ठ्यात नाही. मांडायला वेळ लागतो, जेवायचं टेबल अख्खं अडतं. खिशालाही जड आहे, म्हणून सेकंडहँड बघा, नाहीतर चौघांत मिळून घ्या. तिघं-चौघं असाल आणि एकमेकांचे पाय ओढायला आवडत असेल, तर कार्ड गेम. दोघं असाल, किंवा एकटेही, आणि संध्याकाळ मोकळी असेल, तर बोर्ड गेम.

आणि तुमच्या ग्रुपमध्ये कोणी असेल जो पूर्वी भारी खेळायचा आणि आता "मोठे झालो" म्हणतो, तर एकदा नीट विचारा. माझ्यासारखी मान डोलावून गप्प बसू नका. बसवा त्याला टेबलाशी. आणि हो, मुद्दाम हरू नका. त्याला कळतं.

या रविवारी मी परत कऱ्हाडला चाललेय. गॅस्कॉइन बाकी आहे. या वेळी ड्रीममध्ये पळणार नाही, असं दादाला वचन दिलंय. बघू! भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत एक घर मोकळं ठेवा.