उद्याच्या जगातले कारकून

शास्त्रीय कादंबरी म्हटली, की डोळ्यांपुढे येतात ती अवकाशयाने, परग्रहावरचे प्रवासी आणि बुद्धिमान यंत्रे. हे वाङ्मय करमणुकीसाठी वाचावे आणि विसरून जावे, असा पुष्कळांचा समज आहे. माझाही होता. दिवसभर टिपणे लिहून शिणलेल्या मनाला विरंगुळा म्हणून मी या कादंबऱ्यांकडे वळलो. विरंगुळा दूरच राहिला. त्यांतल्या काहींनी मला उचलून पुन्हा माझ्याच कचेरीत आणून बसविले. ते कसे, हे आज आपल्याला सांगावयाचे आहे.

टॉमस मूरने १५१६ साली 'यूटोपिया' हे आदर्श राज्याचे चित्र रंगविले. तेव्हापासून सुखी नगरीची स्वप्ने पाहण्याची युरोपातील लेखकांना सवयच जडली. विसाव्या शतकात मात्र या स्वप्नांना ग्रहण लागले. सगळे काही योजनेप्रमाणे झाले, तर माणसाचे काय होईल, असा उलटा प्रश्न काही लेखकांनी विचारला. त्यांतील चार कादंबऱ्या मी आपल्यापुढे ठेवतो.

पहिली रशियन लेखक येवगेनी झाम्यातिन याची. तिचे नाव 'आम्ही'. ती लिहून झाली १९२१ च्या सुमारास. परंतु प्रथम छापली गेली ती १९२४ साली, न्यूयॉर्कमध्ये आणि इंग्रजी भाषांतरात. लेखकाच्या स्वदेशी ती प्रसिद्ध व्हावयाला १९८८ साल उजाडावे लागले. या कादंबरीतील राज्यात घरे काचेची आहेत आणि माणसांना नावे नाहीत, क्रमांक आहेत. उठणे, जेवणे, फिरणे सारे वेळापत्रकाबरहुकूम चालते. नायक डी-५०३ हा अवकाशयान बांधणारा अभियंता. झाम्यातिन स्वतःही जहाजे बांधणारा अभियंता होता. गणिताची मोहिनी त्याला आतून ठाऊक होती. कादंबरीच्या शेवटी नायकाच्या मेंदूतील कल्पनाशक्ती शस्त्रक्रियेने काढून टाकतात. मग ज्या स्त्रीवर त्याने जीव लावला, तिचा छळ तो शांतपणे पाहतो आणि तशाच शांतपणे टिपून ठेवतो.

दुसरी ऑल्डस हक्सलेची १९३२ सालची 'ब्रेव्ह न्यू वर्ल्ड'. येथे छळ नाही, सुखच सुख आहे. मुले बाटल्यांत वाढतात आणि जन्मापूर्वीच पाच श्रेणींत वाटली जातात. खालच्या श्रेणीची बुद्धी वाढू नये म्हणून तिचा प्राणवायू तोडला जातो, आणि आपली श्रेणी हीच उत्तम, हे झोपेत कानात सांगितले जाते. मनाला खंत वाटलीच, तर गोळी घ्यावी. त्या गोळीचे नाव 'सोमा'. हे नाव आपल्या वैदिक सोमाचेच आहे. जन्माने माणसाची पायरी ठरविण्याचा अनुभव असलेल्या आपल्या समाजाला ही कादंबरी निव्वळ कल्पित वाटणार नाही. तीत सर्वांत खालच्या श्रेणीचा एक पाळणा चालविणारा आहे. पाळणा गच्चीवर पोहोचला, की ऊन पाहून त्या बिचाऱ्याला क्षणभर हर्ष होतो; लगेच घंटी वाजते आणि तो पुन्हा अंधारात उतरतो. एवढाच प्रसंग, पण मनातून जात नाही.

तिसरा लेखक कारेल चापेक. 'रोबो' हा शब्द जगाला मिळाला तो या चेक लेखकाच्या १९२० सालच्या नाटकातून. आणि त्या शब्दाचे मूळ आहे वेठबिगारीत. १९३६ साली त्याने 'वॉर विथ द न्यूट्स' ही कादंबरी लिहिली. सुमात्राजवळच्या एका बेटापाशी एका कप्तानाला समुद्रात राहणारे, सरड्यासारखे दिसणारे हुशार प्राणी सापडतात. ते मोती काढून देतात. पुढे त्यांचा व्यापार होतो, बाजारभाव ठरतो, त्यांच्यावर परिषदा भरतात. सगळी राष्ट्रे त्यांना स्वस्त मजूर म्हणून राबवितात आणि एकमेकांविरुद्ध शस्त्रेही देतात. अखेरीस त्या प्राण्यांना राहावयाला उथळ समुद्र अपुरा पडतो, आणि ते माणसांचे किनारे मागू लागतात. वाचताना हसू आवरत नाही. पुस्तक मिटल्यावर मात्र आपण कशाला हसलो, असे वाटते.

चौथी जॉर्ज ऑर्वेलची १९४९ सालची 'नाइन्टीन एटी-फोर'. ऑर्वेल आपल्याला अगदीच परका नाही. त्याचा जन्म १९०३ साली बिहारमधील मोतिहारीचा. वडील सरकारच्या अफू खात्यात नोकरीला. तो स्वतः ब्रह्मदेशात पोलीस अधिकारी होता. १९४१ ते १९४३ या काळात त्याने लंडनच्या बीबीसीत हिंदुस्थानातील श्रोत्यांसाठी भाषणांचे कार्यक्रम आखले. तेथे त्याच्या सहकाऱ्यांत वेणू चितळे या मराठी लेखिका होत्या. आपल्यासारख्याच श्रोत्यांसाठी, युद्धकाळातील सेन्सॉरच्या नजरेखाली, त्याने शब्दांची काटछाट पाहिली. त्याच्या कादंबरीचा नायक विन्स्टन सत्य मंत्रालयात जुनी वर्तमानपत्रे 'दुरुस्त' करतो. चॉकलेटचा शिधा कमी होणार नाही, असे वचन सरकारने दिलेले असते. शिधा कमी करावयाचे ठरते, तेव्हा वचनाच्या जागी इशारा घालण्याचे काम विन्स्टनकडे येते. दुसऱ्या दिवशी शिधा वाढविल्याबद्दल लोक सरकारचे आभार मानतात!

या चारही पुस्तकांत मला एक गोष्ट समान दिसली. त्यांत हुकूमशहा क्वचितच भेटतो. भेटतात ते नोकरदार. अभियंता, पाळणा चालविणारा, दप्तरातला लेखनिक. विन्स्टन राज्याचा द्वेष करतो. पण त्याच्या आयुष्यातला मोठा आनंद कोणता? आपले काम सफाईने करणे! हे वाक्य वाचले, तेव्हा मी चपापलो.

काही वर्षांपूर्वी माझ्या मेजावर एका वृद्ध विधवेचे कुटुंब निवृत्तिवेतनाचे प्रकरण आले. एका कागदावर तिचे माहेरचे नाव होते, दुसऱ्यावर सासरचे. 'त्रुटीची पूर्तता करून फेरसादर करावे,' असा शेरा मी मारला. शेरा नियमाला धरून होता, भाषा निर्दोष होती. असे तीनदा झाले. चौथ्या वेळी बाई स्वतः आल्या, दोन्ही कागद माझ्यापुढे ठेवले आणि म्हणाल्या, "साहेब, ह्यांतली खरी मी कोणती, ते आता तुम्हीच सांगा." मला उत्तर देता आले नाही. त्या क्षणापर्यंत मी त्यांना प्रकरण क्रमांकानेच ओळखत होतो. एका साध्या प्रतिज्ञापत्रावर ते काम भागण्यासारखे होते, आणि ते पहिल्याच दिवशी मागणे माझ्या अधिकारात होते.

चापेकच्या कादंबरीत पोवोंद्रा नावाचा एक द्वारपाल आहे. त्या कप्तानाला धनिक उद्योगपतीकडे आत सोडणारा तोच. पुढे देशच्या देश बुडू लागतात, आणि एके दिवशी प्रागमधल्या नदीत त्याला तो प्राणी दिसतो. हे सारे माझ्यामुळे झाले, मी त्या दिवशी दार उघडावयाला नको होते, असे म्हणत तो म्हातारा खंत करतो. मंत्री, सेनापती, व्यापारी यांपैकी कोणाला असे वाटत नाही. वाटते ते एका द्वारपालाला. मला तो या साऱ्या वाङ्मयातला थोर माणूस वाटतो.

श्रोतेहो, ही पुस्तके भविष्य सांगत नाहीत. अमुक भाकीत खरे ठरले, तमुक चुकले, असा हिशेब मांडण्यात अर्थ नाही. ती परक्या देशाची निंदा म्हणूनही वाचू नयेत. आरंभ चापेकपासून करावा, कारण तो हसवितो. मग हक्सले, मग झाम्यातिन, आणि शेवटी ऑर्वेल. वाचताना, हे राज्य कोण चालवितो, एवढेच विचारू नये. त्या राज्यात आपले मेज कोठे मांडलेले आहे, हेही पाहावे. मला माझे सापडले. त्या बाईंचे प्रकरण त्याच आठवड्यात मंजूर झाले. परंतु आधीच्या तीन शेऱ्यांखाली सही माझी आहे, आणि ती पुसण्याची सोय कोणत्याही दप्तरात नसावी, असेच मला वाटते.