चाळ, मैदान आणि साम्राज्य



अध्यक्षाने सबंध विषयाचा आढावा घ्यावा, अशी प्रथा आहे. ती बाजूला ठेवून मी आज एकाच इतिहासकाराविषयी बोलणार आहे. प्रशांत किदंबी इंग्लंडात लेस्टर विद्यापीठात शिकवतात; लेखणी मात्र मुंबईत रमते.

प्लेग म्हटला की आपल्याला पुणे आठवते, १८९७ आठवते, रँड आणि चाफेकर आठवतात. तिथेच आपली गाडी थांबते. किदंबींचे २००७ चे पुस्तक मात्र १८९० ते १९२० ची मुंबई पाहते. तिथे प्लेगची साथ सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत उघडकीस आली. निदान केले डॉ. अकासियो व्हिएगस या गोवेकराने. रोग जागेला चिकटलेला असतो, म्हणजे गरिबाच्या कोंदट वस्तीतच त्याचे मूळ, अशी सरकारी समजूत. तिच्यातून १८९८ मध्ये शहर सुधारण्यासाठी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट जन्मला. सँडहर्स्ट रोडसारखे रुंद रस्ते आले, दादर-माटुंग्याच्या आखीव वसाहती आल्या. पण ज्यांची घरे पाडली ते शेजारच्या चाळींत आणखी दाटीवाटीने शिरले. साम्राज्याने शहर सुधारले की बिघडवले, या वादात किदंबी अडकत नाहीत. घरमालक, नगरपालिका, ट्रस्ट, पोलीस आणि भाडेकरू यांची ओढाताण ते उलगडत जातात. सत्ता अशीच चालते, असे माझेही मत आहे.

‘क्रिकेट कंट्री’ (२०१९) हे त्यांचे पुस्तक धावफलकासाठी हाती घेणाऱ्याची थोडी निराशाच होईल. विषय आहे १९११ मध्ये इंग्लंडला गेलेला पहिला अखिल भारतीय संघ. असा संघ पाठवण्याचा आधीचा एक बेत कोणत्या जमातीचे किती गडी, या भांडणात बुडाला होता. मग १९०९ साल उजाडले. लंडनमध्ये मदनलाल धिंग्रांनी कर्झन वायली या ब्रिटिश अधिकाऱ्याला मारले, नाशिकला कान्हेऱ्यांनी कलेक्टर जॅक्सनला. अशा काळात हिंदुस्थानची राजनिष्ठ प्रतिमा विलायतेत मिरवण्याची निकड संस्थानिकांना आणि धनिकांना वाटली. पतियाळाचे एकोणीस वर्षांचे महाराज कर्णधार. सहा पारशी, पाच हिंदू, तीन मुसलमान. ‘राष्ट्रीय’ संघ असा जमातवार मोजून बनला!

त्या पाच हिंदूंत पालवणकर बाळू आणि शिवराम हे चर्मकार समाजातले दोघे भाऊ होते. संघ बहुतेक सामने हरला. बाळूंनी मात्र दौऱ्यात शंभरावर बळी घेतले. (पहिला विजय मिळाला तो लेस्टरशायरवर. किदंबींना हा योगायोग नक्कीच सुखावला असेल.) हेच बाळू १९३७ च्या निवडणुकीत डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे राहिले आणि हरले. ज्यांना खेळ हा इतिहासाचा फावल्या वेळचा उद्योग वाटतो, त्यांनी एवढे एक चरित्र जरूर तपासावे.

आपल्याकडे मैदाने, नाटकगृहे, गणेशोत्सवाचे मेळे हे सारे आठवणीवजा लेखनाच्या वाट्याला जाते आणि ‘खरा’ इतिहास गडकोटांत राहतो. ही वाटणी आता मोडली पाहिजे. नव्या अभ्यासकांनी जुन्या मराठी वर्तमानपत्रांतली सामन्यांची वर्णने वाचावीत, चाळींच्या भाडेपावत्या शोधाव्यात. आणि या सभागृहात कोणी जिमखान्याचे, तालमीचे किंवा मेळ्याचे चिटणीस बसले असतील, तर त्यांना हात जोडून विनंती: जुनी इतिवृत्ते रद्दीत घालण्यापूर्वी एकदा आम्हाला कळवा.