सीमारेषेवरचा बोर्ड

मी दिग्रसचा. कविता लिहितो, हे आपल्यापैकी काहींना ठाऊक असेल. पण कवितेवर कुणाचं घर चालत नाही. माझं घर चाललं ते बोर्डांवर. बी. ए. झालो तेव्हा नोकरी नव्हती, अक्षर मात्र बरं होतं. म्हणून एका पेंटरच्या हाताखाली लागलो. दिग्रस, आर्णी, दारव्हा, पुसद या पट्ट्यातली किराणा दुकानं, दवाखाने, कृषी केंद्रं, गणेश मंडळं, उर्स, क्रिकेटचे सामने, सगळ्यांच्या पाट्या रंगवल्या. घरात आम्ही बोलतो ती आमची हिंदी-उर्दू मिसळलेली बोली. पण पोट भरलं ते मराठी अक्षरांनी.

मग फ्लेक्स आला. मला जो बोर्ड करायला दोन दिवस लागत, तो तासाभरात छापून मिळू लागला, तोही फोटोसकट. गिऱ्हाईकाला दोष देता येत नाही. हळूहळू माझे ब्रश डब्यातच कडक झाले.

आज मला बोलायचं आहे ते मात्र वेगळ्याच रंगकामाबद्दल. संगणकावर जुना व्हिडिओ गेम चालवायचा आणि त्यातल्या पाट्यांवर, कपड्यांवर, भिंतींवर आपण केलेली चित्रं चढवायची. मुलं याला ‘टेक्श्चर पॅक’ म्हणतात. सत्तावन्नाव्या वर्षी हे खूळ कुठून आलं, असं तुम्ही विचाराल. तेच सांगतो.

माझ्या मुलाला लहानपणी क्रिकेटचं वेड. शाळेमागच्या मैदानावर दिवसभर टेनिस बॉल आणि संध्याकाळी मित्राच्या घरी टीव्हीवरचं क्रिकेट. त्या खेळाचं नाव ‘क्रिकेट ०७’. ईए स्पोर्ट्सनं तो नोव्हेंबर २००६ मध्ये काढला होता. पुढे गणपती आणि उर्साच्या बोर्डांचे पैसे साठवून मी नागपूरहून एक जुनं प्लेस्टेशन टू आणून दिलं. पोरगा हरखला. पण दहावीत मार्क घसरले तेव्हा रागाच्या भरात मीच ते यंत्र पेटीत घालून कुलूप लावलं. दहावी झाली, तो शिकायला बाहेर गेला आणि पेटी तशीच राहिली. काही वर्षांनी उघडली तर उंदरांनी वायर कुरतडलेली आणि तबकडी वाचणारं भिंग निकामी. मुलगा काही बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं.

आता तो पुण्यात नोकरी करतो. गेल्या ईदला आला तेव्हा घरातल्या जुन्या संगणकासमोर बसला आणि म्हणाला, “अब्बा, ते प्लेस्टेशन आहे का अजून?” मी पेटी पुढे केली. वायर बदलल्यावर यंत्र सुरू झालं, पण तबकडी वाचेना. “हरकत नाही,” तो म्हणाला, “तबकडी संगणकात वाचता येते.”

बहुरूपी पोलिसाचं सोंग घेऊन दारात येतो, तसं संगणकाला दुसऱ्या यंत्राचं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्राम असतो. त्याला एम्युलेटर म्हणतात. प्लेस्टेशन टूचं सोंग घेणाऱ्याचं नाव पीसीएसएक्स-टू. तो फुकट मिळतो. मात्र त्याला मूळ यंत्रातला ‘बायोस’ नावाचा छोटा प्रोग्राम लागतो. तो आपल्या स्वतःच्या यंत्रातून काढायचा आणि खेळ आपल्या स्वतःच्या तबकडीवरून घ्यायचा. इंटरनेटवरून दोन्ही उचलणारे पुष्कळ. पण सरळ मार्ग हाच. आमचं मोडकं यंत्र या कामापुरतं उपयोगी पडलं, याचं मला मनातून बरं वाटलं.

खेळ सुरू झाला. चेंडू चौकार गेला, कॅमेरा सीमारेषेकडे वळला आणि तिथं जाहिरातींच्या पाट्या दिसल्या. मुलगा म्हणाला, “तिथं दिग्रसचा बोर्ड लावायचा आहे. फॉन्ट नको, तुमचा हात पाहिजे. आमच्या सामन्यांना तुम्ही करायचात तसा.”

श्रोतेहो, ते मैदान आता नाही. तिथं प्लॉट पडले, घरं उभी राहिली. त्या सामन्यांचे माझे कापडी फलक कधीच फाटले. तरी त्याच्या डोळ्यांसमोर ती अक्षरं होती, हे मला त्या दिवशी कळलं.

सुट्टी संपवून तो पुण्याला गेला. पुढचं काम मी घरी केलं, तो फोनवरून सांगत होता.

टेक्श्चर म्हणजे काय, हे पेंटरला लवकर समजतं. आधी लाकडी सांगाडा, त्यावर पत्रा, पत्र्यावर अस्तर आणि मग अक्षर. खेळातही तसंच. खेळाडू, स्टँड, पाटी हे सगळे मुळात त्रिकोणांचे सांगाडे असतात. त्यांवर चिकटवलेलं सपाट चित्र म्हणजे टेक्श्चर. प्लेस्टेशन टूच्या चित्रं काढणाऱ्या चिपमध्ये फक्त चार मेगाबाइट स्मृती होती. आज मोबाइलवर काढलेला एक फोटो तेवढी जागा खातो. तेवढ्यात सगळं मैदान बसवायचं, म्हणून चित्रं अगदी लहान ठेवलेली. संगणकाच्या मोठ्या पडद्यावर ती पुसट दिसतात. म्हणून जगभरचे हौशी लोक ती नव्यानं रंगवतात. पीसीएसएक्स-टूच्या प्रायोगिक आवृत्त्यांमध्ये ही सोय २०२२ साली आली आणि जुलै २०२४ मध्ये निघालेल्या २.० या पक्क्या आवृत्तीतही ती आहे.

आता कृती सांगतो. ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये ‘टेक्श्चर रिप्लेसमेंट’ असा भाग आहे. तिथं आधी ‘डम्प टेक्श्चर्स’ चालू करायचं आणि खेळ थोडा वेळ खेळायचा. पडद्यावर जे जे चित्र येईल त्याची प्रत संगणक एका फोल्डरमध्ये ठेवत जातो. ‘टेक्श्चर्स’ नावाचं मोठं फोल्डर, त्यात तबकडीच्या क्रमांकाचं एक फोल्डर आणि त्यात ‘डम्प्स’. मी पाच-सहा षटकं खेळलो आणि उघडून पाहिलं तर शेकडो तुकडे. कुठं गवत, कुठं पॅड, कुठं नुसती एक बाही. जुन्या शिंप्याच्या दुकानातलं कापडाचं गाठोडं सोडल्यासारखं वाटलं. त्यात आपली पाटी शोधायला मला दोन रात्री लागल्या. काम झालं की डम्प करणं बंद करायचं, नाहीतर ढीग वाढत जातो.

प्रत्येक तुकड्याला एक लांबलचक नाव असतं, आकडे आणि अक्षरांची नुसती माळ. ते कुणी बसून दिलेलं नसतं. चित्रातल्या ठिपक्यांवरून आणि रंगांवरून हिशेब करून संगणकच ते काढतो. तेच चित्र दुसऱ्या रंगांत आलं तर नाव वेगळं. खेळ चालू असताना एम्युलेटर हाच हिशेब पुन्हा करतो, त्या नावाची फाइल आपल्याकडे आहे का ते पाहतो आणि असली तर मूळ चित्राऐवजी ती लावतो. तबकडीला कुठं धक्का लागत नाही.

मग मी कामाला बसलो. कोपऱ्यातला डबा काढला. जुने ब्रश गेलेच होते, दोन नवे आणले. पत्र्याच्या लांबट तुकड्यावर पांढरं अस्तर दिलं, खडूच्या दोरीनं रेघा पाडल्या आणि निळ्या एनॅमलनं लिहिलं, ‘दिग्रस’. पंधरा वर्षांनी हात थोडा कापला, पण शिरोरेघ सरळ आली. सावलीत ठेवून अगदी समोरून फोटो काढला आणि मूळ चित्राच्या प्रमाणात कापला. लांबी-रुंदीचं प्रमाण तेच ठेवायचं, आकार दुप्पट-चौपट चालतो. पीएनजी म्हणून साठवला. ‘रिप्लेसमेंट्स’ नावाच्या फोल्डरमध्ये टाकला, ‘लोड टेक्श्चर्स’वर खूण केली आणि खेळ सुरू केला.

पाटी जुनीच!

मुलाला फोन केला. त्यानं विचारलं, “फाइलचं नाव काय ठेवलं?” मी म्हणालो, “दिग्रस बोर्ड.” तो हसत सुटला. “अब्बा, ते नाव तुम्हाला कळतं, एम्युलेटरला नाही. मूळ नाव जसंच्या तसं द्या.” दिलं. तरी पाटी जुनीच. चौकशी करता कळलं की मी कधीतरी चित्रणाची पद्धत ‘सॉफ्टवेअर’ करून ठेवली होती. तिथं हे काम चालत नाही, ‘हार्डवेअर’च लागतं. तेही बदललं.

या वेळी पाटी आली, पण उलटी. खेळात काही चित्रं उलटी किंवा आरशातल्यासारखी साठवलेली असतात. मूळ तुकडा उलटा होता, मी तो नीट पाहिला नव्हता. माझी फाइल उलटी करून ठेवली आणि चेंडू सीमेकडे मारला. मैदानाभोवती जिथं जिथं ते एकच चित्र वापरलं होतं, तिथं तिथं माझं अक्षर उभं राहिलं.

पण वाचून पाहतो तर काय, ‘दिगस’! लांबून पाहिल्यावर ‘ग्र’मधली ती तिरकी रेघ कुठं गायबच झाली होती. गावाचं नावच बदललं. तेव्हा उस्तादांची एक शिकवण आठवली. एसटीतून जाणाऱ्या माणसानं वाचायचा बोर्ड वेगळा आणि दुकानाच्या दारात उभं राहून वाचायचा वेगळा. लांबच्या बोर्डावर अक्षराच्या पोटात जागा मोकळी सोडायची आणि बारीक रेघ जाड करायची. मी तसं दुसऱ्यांदा लिहिलं. ‘ग्र’ची रेघ थोडी लांबवली, वेलांटी उघडी ठेवली. मग सीमारेषेवर स्वच्छ ‘दिग्रस’ दिसलं. जे फ्लेक्समुळे निरुपयोगी ठरलं असं मी धरून चाललो होतो, ते माझ्या हातात अजून होतं.

एक सूचना राहिली. काढलेले तुकडे संगणकावर उघडले की फिके, अर्धवट पारदर्शक दिसतात. प्लेस्टेशन टू पूर्ण अपारदर्शकता १२८ या आकड्यानं मोजतं, संगणक २५५ नं. म्हणून आपल्या चित्रातही ती मूळ तुकड्याइतकीच ठेवायची. हे पातळ-घट्टाचं गणित माझ्या मुलानं सोडवलं, माझ्यानं झालं नसतं.

मात्र या रंगकामाला मर्यादा आहे. चित्र बदलतं, खेळ बदलत नाही. मुलानं एका इंग्लिश काउंटीच्या संघाला विदर्भाचा सदरा चढवला. विदर्भानं २०१८ च्या पहिल्याच दिवशी इंदूरला रणजी करंडक जिंकला, तेव्हापासून त्याच्या मनात ते होतं. सदरा छान बसला. पण आतला फलंदाज खेळतो आपल्या जुन्या हिशेबानंच आणि समालोचन मार्क निकोलस आणि रिची बेनॉ यांचंच. बेनॉ २०१५ साली गेले. आमच्या घरात मात्र ते अजून दिग्रसच्या पाटीवरून गेलेल्या चौकाराचं इंग्रजीत कौतुक करतात. आकाशवाणीवर बाळ ज. पंडित यांचं मराठी समालोचन ऐकत वाढलेल्या माझ्या कानांना ते अजून चमत्कारिक वाटतं.

मुलानं आमच्या चित्रांचं एक छोटं पॅक करून त्या मैदानावरच्या जुन्या सवंगड्यांना पाठवलं. त्यात खेळ नाही, बायोस नाही, फक्त आम्ही केलेली चित्रं. कुणी नागपूरला आहे, कुणी मुंबईला, एक आखातात. आखातातल्या पोराकडे पाटी दिसेना. शोध घेतला तर त्याची तबकडी दुसऱ्या देशात विकलेली, म्हणून क्रमांक वेगळा. ‘रिप्लेसमेंट्स’ ज्या फोल्डरमध्ये असतं, त्याला आपल्याच तबकडीचा क्रमांक लागतो. ते फोल्डर सापडल्यावर त्यानं रात्री मला फोन केला. “चाचा, बोर्ड लागला,” एवढंच म्हणाला आणि बराच वेळ मैदानातल्या एका बाभळीबद्दल बोलत राहिला. तिच्यात आमच्या पोरांचे किती चेंडू अडकले असतील, देव जाणे.

आता मुलाची नवी मागणी आहे. साइटस्क्रीनच्या मागं भिंत आहे, तिथं ती बाभूळ काढून द्या म्हणतो. मी आजवर अक्षरं काढली, झाडं फारशी नाहीत. पत्रा घासून ठेवला आहे. या रविवारी बसणार आहे.