शून्य-शून्य
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषण)



संयोजकांनी मला ‘आयटी क्षेत्रातील संधी’ असा विषय दिला होता. पत्रिकेतही तोच छापलाय. पण समोर बसलेल्यांपैकी निम्म्यांची मुलं आयटीतच आहेत आणि उरलेल्यांची त्या वाटेवर. त्यात मी नवीन काय सांगणार? तेव्हा संयोजकांची माफी मागून मी आज एका फुटबॉलपटूबद्दल बोलणार आहे. राहुल भेके. मुंबईचा मुलगा, जन्म डिसेंबर 1990. आपण दहावीचे पेपर देत होतो तेव्हा हा सहा वर्षांचा होता.

नाव ऐकलंय त्यांनी हात वर करा. चार. त्यातले दोन आमच्या घरातले आहेत. ठीक आहे.

माझा मुलगा यंदा दहावीला आहे. फुटबॉल खेळतो, बचावफळीत. अकरावीला सायन्स आणि जेईईचा क्लास असं आमचं ठरलेलं होतं, म्हणजे मी ठरवलेलं होतं. क्लासचा पहिला हप्ताही भरला. मग एक दिवस तो म्हणाला, आई, मला अकादमीच्या निवड चाचणीला जायचंय, निवड झाली तर तिथेच राहायचं. दोन आठवडे घरात कुणी कुणाशी धड बोललं नाही. नंतर त्यानं माझ्यासमोर हे नाव टाकलं. राहुल भेके. बघ, मराठी माणूस, बचावपटू, भारताकडून खेळतो. मी इंजिनिअर. म्हटलं, याची सगळी कारकीर्द काढते, तारीखवार मांडते आणि तुला दाखवते की हा धंदा किती बेभरवशाचा आहे. आज जे सांगतेय ते त्या उद्योगातून आलंय.

आपल्याला फुटबॉल परका. इथे वसाहतीच्या मैदानावर कबड्डी आणि क्रिकेट. म्हणून बचावपटू म्हणजे काय ते कबड्डीतून सांगते. मी नववीत शाळेच्या संघात डाव्या कोपऱ्यावर उभी राहायचे. चढाई करणारीचं नाव सगळ्यांना पाठ. कोपऱ्यावरची कोण, हे फक्त हरल्यावर विचारतात. सर मला एवढंच सांगायचे, तिच्या डोळ्यांकडे बघू नकोस, डोळे फसवतात, पाय बघ. मुलानं मध्यंतरी मला सांगितलं की त्याचे प्रशिक्षक म्हणतात, समोरच्याच्या तोंडाकडे बघू नकोस, चेंडूकडे आणि त्याच्या कंबरेकडे बघ. मी गप्प बसले. सर, तेव्हा तुमची आठवण झाली.

आता भेके. मुंबई एफसीमधून आय-लीग खेळला. 2014 ला कोलकात्याच्या ईस्ट बंगालमध्ये गेला. तिथे असतानाच इंडियन सुपर लीगमध्ये एक मोसम केरळकडून, एक मोसम पुण्याकडून. 2017 ला बंगळुरू एफसी. उजव्या बाजूचा बचावपटू, गरज पडली की मधला. इतकी वर्षं खेळून भारताकडून पहिला सामना कधी? 5 जून 2019, थायलंडमध्ये, किंग्ज कपमध्ये, कुरासाओविरुद्ध. वय 28. आणि तो सामनाही भारत 3-1 नं हरला. हा आकडा मी मुलाला मोठ्या तोऱ्यात दाखवला. अठ्ठावीस! त्या वयात मी टीम लीड झाले होते. तो म्हणाला, मग काय, तेवढी वर्षं खेळलाच ना.

त्यानंतर त्यानं मला 10 सप्टेंबर 2019 चा सामना अख्खा बघायला लावला. दोहा, विश्वचषक पात्रता, भारत विरुद्ध कतार. कतार त्याच वर्षी आशियाई विजेता झालेला. भारत पाच दिवस आधी गुवाहाटीत ओमानकडून 2-1 नं हरलेला. सुनील छेत्री तापामुळे खेळला नाही. गोलपोस्टमध्ये गुरप्रीत सिंग संधू, तोच कर्णधार. त्याच्यापुढे चौघं. उजवीकडे राहुल भेके, मध्ये संदेश झिंगन आणि आदिल खान, डावीकडे मंदार राव देसाई. आदिल आणि मंदार दोघेही गोव्याचे.

पहिली वीस मिनिटं मला काही कळेना. चेंडू जिकडे जातो तिकडे मी बघतेय. मुलगा म्हणाला, आई, चेंडू सोड, फक्त दोन नंबरच्या जागेवर जो आहे त्याच्याकडे बघ. म्हणून बघितलं. तो धावत कमी होता, सरकत जास्त होता. चेंडू पलीकडच्या बाजूला असला की हा आत, मधल्या बचावपटूच्या जवळ. चेंडू इकडे यायला लागला की पुन्हा बाहेर. समोरचा खेळाडू चेंडू घेऊन अंगावर आला तरी हा झेप घेत नाही. एक पाऊल मागे, एक पाऊल मागे, त्याला आतली वाट बंद करून कडेच्या रेषेकडे ढकलत न्यायचं आणि तिथून त्याला चेंडू मागे द्यायला लावायचा. बस. टाळी नाही, काही नाही. असं नव्वद मिनिटं. त्यात गुरप्रीतनं कितीतरी फटके अडवले, खरं नाव त्याचंच झालं आणि ते योग्यच. निकाल शून्य-शून्य. मैदानावर भारताचे खेळाडू असा आनंद करत होते की कुणाला वाटावं कप जिंकला.

तेव्हा मला बाबा आठवले. तुमच्यापैकी बऱ्याच जणांचे वडील पाटबंधारे खात्यात होते, त्यांना हे सांगायला नको. पावसाळ्यात रात्रीची पाळी, धरणाच्या दरवाजांवर. सकाळी घरी आल्यावर आई विचारायची, काय झालं रात्री? बाबा म्हणायचे, काही नाही झालं. आणि चहा पिऊन झोपायचे. मीसुद्धा आज जे काम करते त्यात सगळं सुरळीत चाललं की कुणाचा फोन येत नाही. एकदा रात्री अडीचला यंत्रणा बंद पडली होती, तेव्हा मात्र कंपनीतल्या सगळ्यांना माझं नाव कळलं.

गंमत अशी की भेकेचं नाव लोकांना ठाऊक झालं ते गोलमुळेच. 17 मार्च 2018 ला बंगळुरू एफसी घरच्या मैदानावर लीगचा अंतिम सामना चेन्नईकडून 3-2 असा हरली. चेन्नईचे त्यातले दोन गोल कॉर्नरवरून, हेडरनं, आणि दोन्ही त्यांच्या बचावपटूचे, मेल्सन आल्वेसचे. बरोबर एक वर्षानं, 17 मार्च 2019 ला, पुन्हा अंतिम सामना, या वेळी मुंबईत अंधेरीला, गोव्याविरुद्ध. (मुंबईला सगळ्यात जास्त पाणी आपल्या भातसाचं जातं, त्यामुळे ते गवत आपलंच, असं मी मुलाला सांगते. आपल्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर येतो, तो विषय आज काढत नाही, नाहीतर जेवणं थंड होतील.) नव्वद मिनिटांत गोल नाही. जादा वेळ. 117 वं मिनिट, दिमास देल्गादोचा कॉर्नर, भेकेचं हेडर, 1-0. आदल्या वर्षी ज्या मार्गानं कप गेला त्याच मार्गानं आला.

2022 च्या एप्रिलमध्ये रियाधला, मुंबई सिटीकडून, इराकच्या हवाई दलाच्या संघाविरुद्ध पुन्हा कॉर्नर, पुन्हा हेडर. 2-1. आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबचा तो पहिला विजय. त्याच स्पर्धेत पुढच्या खेपेला हाच संघ गटातले सहाच्या सहा सामने हरला, तेव्हा भेके कर्णधार होता. आणि त्याच मोसमाच्या शेवटी, मे 2024 ला, कोलकात्यात मोहन बागानला 3-1 नं हरवून त्यानंच लीगचा कप उचलला. भारतासाठी पहिला गोल नोव्हेंबर 2024 ला, हैदराबादला, मलेशियाविरुद्ध. वय 33. कसा केला ते विचारू नका. हेडर.

मुलाच्या बाजूनं जे होतं ते मी प्रामाणिकपणे सांगितलं. आता माझ्या बाजूचं. 2025 च्या जुलैमध्ये ही लीगच थांबवली गेली, चालवण्याच्या कराराचं भिजत घोंगडं पडलं म्हणून. ऑगस्टमध्ये बंगळुरू एफसीनं मुख्य संघाचे पगार थांबवत असल्याचं जाहीर केलं. भेके तेव्हा परत त्याच क्लबात आलेला. चौतिशीतला माणूस, देशाचा खेळाडू, कप जिंकून दिलेला, आणि पगार कधी सुरू होईल ते माहीत नाही. आमच्या क्षेत्रातही नोकऱ्या जातात, पण दुसऱ्या दिवशी दुसरीकडे अर्ज टाकता येतो. सगळी लीगच थांबली तर बचावपटूनं अर्ज कुठे टाकायचा? हे मी त्याच्यासमोर ठेवलं. त्यानं वाचलं. बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, मला माहीत होतं आई. तरी जायचंय.

मला अजून उत्तर सापडलेलं नाही. चाचणी जानेवारीत आहे. क्लासवाले पैसे परत देणार नाहीत, तेही विचारून झालंय. त्याचे बाबा जाऊ दे म्हणतात. मी रोज सकाळी एक ठरवते आणि रात्री दुसरं.

तुम्हाला वाटेल मी हे इथे का सांगतेय. क्रीडाशिक्षक सर समोर पहिल्या रांगेत बसलेत म्हणून. सर, पोरगं बरोबर आणलंय. सकाळपासून मागच्या मैदानावर भिंतीवर चेंडू मारतोय, त्याचा आवाज तुम्हाला येत असेल. जेवणानंतर दहा मिनिटं त्याच्यासमोर उभे राहा. फुटबॉल तुम्हाला माहीत नसला तरी चालेल. त्याचे पाय बघा आणि मला सांगा.