साहेबाचा दम

(आष्टी, ता. परतूर, जि. जालना येथील वसंत व्याख्यानमालेतील व्याख्यान)



व्याख्यानाचा विषय ‘एक दुर्मीळ इंग्रजी क्रियापद’ असा वाचून स्पर्धा परीक्षेचा मोफत वर्ग आहे, असं काहींना वाटलं असेल. वह्या घेऊन आलेल्यांनी त्या मिटून ठेवल्या तरी चालेल. हे क्रियापद कुठल्याही परीक्षेत येणार नाही. खुद्द इंग्लंडात आज ते कुणी बोलत नाही. क्रियापद आहे ‘डमकाऊ’. स्पेलिंग सांगतो: डी, यू, एम, बी आणि त्याला चिकटून सी, ओ, डब्ल्यू. पुढच्या रांगेत हसू फुटलं ते ऐकू आलं मला. ‘मुकी गाय’ असा अर्थ लावलात ना? तुमची काही चूक नाही, शब्द तसाच लिहिलाय. पण इंग्रजीत ‘काऊ’ नावाचं एक क्रियापदही आहे आणि त्याचा गायीशी काही संबंध नाही. धाक दाखवून नमवणं हा त्याचा अर्थ. ‘डमकाऊ’ म्हणजे समोरच्याला दरडावून गप्प करणं.

हा शब्द मला भेटला तो ‘हॉब्सन-जॉब्सन’ नावाच्या कोशात. हिंदुस्थानात राहणाऱ्या इंग्रजांच्या बोलण्यात इथले जे शब्द शिरले, त्यांचा हा कोश १८८६ साली लंडनला निघाला. कर्ते दोघे. कर्नल हेन्री यूल हा बंगालच्या लष्करी इंजिनिअरांपैकी, आणि आर्थर बर्नेल हा मद्रासकडचा मुलकी अधिकारी. बर्नेलशी आपलंही थोडं नातं लागतं. तंजावरच्या भोसल्यांच्या राजवाड्यातल्या संस्कृत पोथ्यांची सूची त्यानं केली होती. कोश छापून झालेला मात्र त्याला पाहायला मिळाला नाही, चार वर्षं आधी तो वारला. पुस्तकाच्या नावाची कथा तर मराठवाड्यातल्या माणसाला सांगायलाच हवी. मोहरमच्या मिरवणुकीत ‘या हसन, या हुसेन’ असा आक्रोश चालतो. गोऱ्या शिपायांच्या कानाला तो ‘हॉब्सन-जॉब्सन’ असा लागला. आपल्या गावोगावच्या सवाऱ्या, डोले ज्यांनी लहानपणापासून पाहिलेत त्यांना हे ऐकून गंमत वाटेल, थोडा रागही येईल. यूलला मात्र त्यात आपल्या कोशाचं सगळं मर्म दिसलं. परका शब्द कानावर पडतो, कान त्याला ओळखीच्या आवाजाचे कपडे घालतो, आणि मग तो आपलाच म्हणून मिरवायला लागतो.

‘डमकाऊ’ची व्युत्पत्ती यूलनं दिली आहे ती अशी. हिंदुस्थानीत ‘दम खाना’ म्हणजे गप्प राहणं. ‘दम खाओ’ ही आज्ञा. साहेबानं ही आज्ञाच उचलली आणि तिचं सरळ इंग्रजी क्रियापद करून टाकलं. उच्चारात ‘डम’ म्हणजे मुका आणि ‘काऊ’ म्हणजे दबवणं असे दोन अस्सल इंग्रजी शब्द आयतेच सापडले, त्यामुळे स्पेलिंगही बदललं आणि अर्थही सरकला. मुळात गप्प ‘राहणं’ होतं, ते गप्प ‘करणं’ झालं.

आता हा ‘दम’ आपल्याकडे काय काय करतो ते जरा पाहू. फारसीत दम म्हणजे श्वास. तिथून तो आला आणि मराठीत असा काही रुळला की घरातून बाहेर जायचं नावच घेत नाही. जिना चढताना दम लागतो. म्हाताऱ्याला दमा असतो. चिलमीचा दम मारतात. पाऊस दमदार पडतो, निदान पडावा अशी आपली इच्छा असते. एखाद्याच्या बोलण्यात दम नसतो. पोरांना दम निघत नाही आणि आई म्हणते, दम धर जरा. पोळ्याआधीच्या दिवसांत शेतात उभं राहून पाहा. तासाच्या टोकाला आलं की गडी कासरा सैल सोडतो, बैल तोंड खाली घालून उभे राहतात, पोटाच्या बाजू भात्यासारख्या वरखाली होत असतात. बांधावरून कुणी घाई केलीच तर गडी म्हणतो, ‘दम खाऊ द्या की त्यायला.’ इथं दम खाणं म्हणजे विसावा. या वाक्यात धाकाचा मागमूस नाही, उलट माया आहे.

आणि त्याच गावात, त्याच दिवशी, चावडीपाशी कुणीतरी कुणाला ‘दम देतो’. दम भरतो. दमदाटी करतो. श्वासापासून धाकापर्यंतचा हा प्रवास मराठीनं स्वतःच्या पायांनी केलेला आहे, त्याला साहेबाची गरज लागली नाही.

(जाता जाता एक कानगोष्ट. संस्कृतातला ‘दम’, म्हणजे शम-दमातला, दमनातला, हा या फारसी दमाचा कुणीही लागत नाही. त्याचे भाऊबंद आहेत इंग्रजीत. जनावर माणसाळवणं या अर्थाचं ‘टेम’ आणि खच्ची करणं या अर्थाचं ‘डाँट’ ही क्रियापदं त्याच्याच कुळातली. फारसी दमाचं नातं निघतं ते आपल्या ‘धमनी’शी, म्हणजे फुंकण्याशी. शब्दांच्या घराण्यात चेहऱ्यावरून भाऊबंद ओळखायला जाऊ नये.)

तर यूलची व्युत्पत्ती सगळ्यांना पटली नाही. १९०३ साली कोशाची दुसरी आवृत्ती निघाली, ती विल्यम क्रुकनं संपादित केली. क्रुक उत्तरेत मिर्झापूरकडे कलेक्टरी केलेला, खेड्यापाड्यातली भाषा कानात भरलेला माणूस. मूळ मजकुराला हात न लावता आपली भर तो चौकटी कंसात घालतो. या शब्दाखाली त्यानं कंसात सुचवलं की ‘दम खाना’पेक्षा ‘धमकाना’ हे मूळ अधिक संभवनीय दिसतं. प्लॅट्सच्या १८८४च्या उर्दू-हिंदी कोशाचा आधार त्याला होता.

मला क्रुकचं म्हणणं पटतं. ‘धमकाओ’ म्हणा आणि त्यातला ‘ध’ इंग्रजाच्या जिभेवर ठेवून पाहा. त्याला हा महाप्राण जमत नाही, दंत्य ‘द’ही जमत नाही. धमकाओचं डमकाऊ होण्यावाचून गत्यंतरच नाही. अर्थही हलवावा लागत नाही, धमकावणं ते धमकावणंच राहतं. यूलच्या वाटेनं गेलं तर अकर्मकाचं सकर्मक करावं लागतं, विसावा घेणाऱ्याला उचलून विसाव्याचा मार द्यावा लागतो.

पण म्हणून यूलला मोडीत काढायला मी तयार नाही. कारण तो पुस्तकी अर्थानं चुकला असेल, पण ‘दम खा’ हे वाक्य कोण कुणाला म्हणतं त्यावर सगळं अवलंबून आहे. गडी बैलाविषयी म्हणतो तेव्हा ती माया. तोच शब्द फौजदार गुन्हेगाराला म्हणाला, ‘दम खा, बघतो तुला,’ की ऐकणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. व्याकरण तेच, क्रियापद अकर्मकच. पण ऐकणाऱ्यावर जे घडतं ते पूर्ण सकर्मक असतं. साहेबानं हा शब्द उचलला तो आज्ञा देणाऱ्याच्या बाजूनं. आज्ञेच्या त्या टोकाला ‘गप्प राहा’ आणि ‘गप्प करतो’ यांत अंतर उरत नाही.

आणि हा एकटा शब्द असता तर मी तुमची संध्याकाळ घेतली नसती. कोशात याची अख्खी पलटण आहे. ‘गब्रो’ हे इंग्रजी क्रियापद: समोरच्याला घाबरवून गोंधळात टाकणं. मूळ ‘घबराओ’. पुन्हा तेच. मराठीत घाबरणं आपण घाबरतो आणि दुसऱ्याला घाबरवायचं तर मध्ये एक ‘व’ घालावा लागतो. साहेबानं तो ‘व’ वाचवला. ‘फूझिलो’ म्हणजे गोड बोलून वळवणं, मूळ ‘फुसलाओ’, आपलं फुसलावणं. ‘लुगो’ म्हणजे होडी काठाला लावणं, मूळ ‘लगाओ’. ‘बुनो’ म्हणजे रचणं, त्यात बनवाबनवीचाही वास, मूळ ‘बनाओ’.

सगळ्यांत खमका ‘पकरो’. आडदांड देशी माणसाची गचांडी धरणं, असा त्याचा वापर. कोश स्पष्ट सांगतो की हा गोऱ्या शिपायाच्या बोलीतला शब्द. मूळ ‘पकडाओ’, म्हणजे पकडवा. किंवा पकड आणि आओ असे दोन तुकडे. आपल्या दखनीत आजही ‘पकडको लाव’ म्हणतात, हुकूम तोच. जॉर्ज ट्रेव्हेलियन या लेखकाच्या ‘डाक बंगला’ नावाच्या नाटकात एक प्रेमवीर आहे. नोकरीत कच्चा होता तो ‘पक्का’ झालाय, आता प्रेयसीला ‘पकरो’ करायला हरकत नसावी, अशी कोटी तो करतो. १८६६चा दाखला आहे. चौकीवरचा शब्द दिवाणखान्यात गेला की असा साजरा दिसतो! न्यूझीलंडच्या इंग्रजीत याच्यासारखाच एक शब्द मोडक्या वस्तूंसाठी आहे, पण तो माओरी भाषेतला. आपल्या शब्दानं एवढा मोठा समुद्र ओलांडला असं म्हणून छाती फुगवू नये.

आता विचारा, ही सगळी क्रियापदं आज्ञार्थीच का उचलली गेली? ‘पकडना’, ‘पकडता’, ‘पकडा’ अशी किती रूपं आहेत. त्यांतलं एकच रूप साहेबाच्या कानात का राहिलं?

याचं उत्तर शोधायला लांब जायला नको. आपल्याच जिल्ह्यात आसईला २३ सप्टेंबर १८०३ रोजी आर्थर वेलस्लीनं शिंदे आणि भोसल्यांच्या फौजेचा पराभव केला. पुढे एकोणिसाव्या शतकात जालन्याला छावणी बसली, हैदराबाद कंटिंजंट या फौजेची पथकं तिथं असत. अशा छावणीत शिपाई तेलंगणातले, मराठवाड्यातले, उत्तरेतले, आणि सगळ्यांत चालणारी भाषा हिंदुस्थानी. कवायतीच्या मैदानावर, तबेल्यात, स्वयंपाकघरात साहेब बोलणार ते काय बोलणार? लाओ, जाओ, लगाओ, पकडाओ. अधिकाऱ्यांना हिंदुस्थानीची परीक्षा द्यावी लागे, त्यासाठी मुन्शी ठेवून ते व्याकरण घोकत. साध्या गोऱ्या शिपायाला परीक्षा नव्हती आणि मुन्शीही नव्हता. त्याची सगळी हिंदुस्थानी हुकमातून आलेली. नोकराशी त्यानं कधी भूतकाळात गप्पा मारल्या नाहीत, भविष्यकाळात बेत केले नाहीत. त्यामुळे ‘ओ’ हा आज्ञेचा प्रत्यय त्याला प्रत्यय वाटलाच नाही, शब्दाचंच शेपूट वाटलं. पकरो, पकरोड, पकरोइंग. हुकमाचाच भूतकाळ!

एक अपवाद आहे, आणि तो मला फार आवडतो. ‘जवाब’ या आपल्या शब्दाचंही इंग्रजांनी क्रियापद केलं, पण कर्मणी. एखाद्या तरुण साहेबानं मेमसाहेबाला मागणी घातली आणि तिनं नकार दिला, की क्लबातले मित्र म्हणत, ‘तो जवाब झाला.’ सगळ्या कोशात बहुधा इथंच साहेबावर क्रिया घडते, आणि तीही मेमसाहेबाकडून. या जवाबाचा आपला धाकटा भाऊ ‘जाब’. तो मात्र आपण विचारायला वापरतो, आणि मराठवाड्यात तो निजामाला विचारून झाला आहे.

तुम्ही म्हणाल, साहेबाला हसता, आपण काय वेगळं केलं? खरं आहे. पहारेकऱ्याच्या ‘हू कम्स देअर’चं आपल्या शिपायांनी ‘हुकुमदार’ केलं, आणि अर्थाच्या दृष्टीनं पाहिलं तर ते मूळ इंग्रजीपेक्षा सरस आहे. पहाऱ्यावरच्या बंदुकीसमोर उभं राहिलं की समोरचा हुकुमदारच असतो. पण एक फरक राहतो. मराठी सहसा इंग्रजी क्रियापदाला आपला प्रत्यय लावत नाही. ती त्याला नामासारखं दाराशी उभं करते आणि काम ‘करणे’, ‘होणे’, ‘मारणे’ यांच्याकडून करून घेते. मोबाइल चार्ज करतो, गाडी पंक्चर होते, ब्रेक मारतो. काळ, पुरुष, लिंग सगळं आपल्या क्रियापदाच्या हातात. या एका सवयीमुळे इतके शब्द येऊनही मराठी वाक्याचा कणा मोडला नाही, असं माझं मत आहे. भाषाशुद्धीवाल्यांना ते पटणार नाही, त्यांच्याशी चहाच्या वेळी बोलेन.

आणि या सवयीतही आज्ञार्थ सुटलेला नाहीच. मागे बसलेल्या शिक्षकांची क्षमा मागून एक वाक्य सांगतो. कुठल्याही शाळेत मधल्या सुट्टीत ते ऐकू येतं: ‘सरांनी त्याला गेटआउट केलं.’ आता हे वाक्य सोडवा. मूळ इंग्रजी आज्ञा, ‘बाहेर हो’. क्रिया ऐकणाऱ्यानं करायची, म्हणजे अकर्मक. मराठी पोरानं ती आज्ञा अख्खी उचलली, तिला ‘करणे’ जोडलं, आणि ‘त्याला’ हे कर्म घालून सकर्मक करून टाकली. यूलनं ‘डमकाऊ’साठी जी खटपट मांडली होती, अकर्मक हुकमाचं सकर्मक क्रियापद, ती इथं आठवीतल्या पोरानं डबा खाता खाता केलेली आहे. यूलला हे वाक्य मिळालं असतं तर क्रुकच्या कंसाला त्यानं चांगलं उत्तर दिलं असतं.